‘एमएफप्लॅट.डीएलएल सापडली नाही’ : आधी त्या फाइलचा मालक कोण ते बघा

प्रश्न थोडक्यात असा आहे. नवीन असेंबल केलेला पीसी, त्यावर विंडोज ११. व्हिडिओ एडिटिंगचा प्रोग्राम उघडायला गेलं की ‘एमएफप्लॅट.डीएलएल सापडली नाही’ अशी चौकट येते (डीएलएल म्हणजे प्रोग्रामांना लागणारं तयार काम ज्यात लिहिलेलं असतं अशी फाइल). यूट्यूबवर बघून ती फाइल एका साइटवरून उतरवली, विंडोजच्या सिस्टिम३२ फोल्डरमध्ये टाकली, फाइलीची नोंद करणारी रेगएसव्हीआर३२ ही आज्ञा पण चालवली. आता चौकट बदलली आणि ‘०एक्ससी०००००७बी’ असा आकडा येतोय. विंडोजच्या फाइली तपासणारं एसएफसी स्कॅन म्हणतं सगळं ठीक आहे. दुकानदार म्हणतो विंडोज परत टाकावं लागेल, ५०० रुपये होतील. आणि शेवटी विचारलंय, कोडेक पॅक (व्हिडिओ-आवाज उलगडणाऱ्या कोडेकांचा संच) टाकून भागेल का?

उत्तर आधी देतो, कारणं नंतर. तुमच्या पीसीवर बहुधा विंडोजची ‘एन’ आवृत्ती पडली आहे. फाइल हरवलेली नाही, त्या आवृत्तीत ती मुळातच नसते. मायक्रोसॉफ्टचा ‘मीडिया फीचर पॅक’ फुकट मिळतो, तो टाकला की काम होतं. पण त्याआधी तुम्ही हाताने टाकलेली फाइल काढावी लागेल. विंडोज परत टाकायची वेळ बहुतेक येणार नाही, कोडेक पॅकची तर नाहीच.

‘बहुधा’ म्हणतोय, कारण तुम्ही आवृत्तीचं पूर्ण नाव लिहिलेलं नाही. तरीही माझा संशय एनवरच आहे, आणि तो तुमच्याच एका वाक्यामुळे. एसएफसी म्हणतं सगळं ठीक. ही तक्रार म्हणून लिहिलीत, पण खरा धागा तोच आहे. एसएफसी काय करतं? या विंडोजमध्ये ज्या ज्या फाइली असायला हव्यात त्यांची यादी घेऊन बसतं आणि एकेक ताडून बघतं. एमएफप्लॅट त्या यादीतच नसेल, तर ती नसल्याची तक्रार ते का करेल? साधी होम किंवा प्रो आवृत्ती असती आणि फाइल खरोखर उडाली असती, तर एसएफसीने ती परत आणून ठेवली असती, निदान आरडाओरडा तरी केला असता. फाइल नाही आणि तपासणारा म्हणतो काही गडबड नाही, याचा अर्थ यादीच वेगळी आहे.

तपासायला अर्धा मिनिट पुरे. स्टार्टवर विनव्हर टाइप करा, नाहीतर सेटिंग्जमध्ये सिस्टिम, मग अबाउट. तिथे ‘विंडोज ११ प्रो एन’ किंवा ‘होम एन’ असं दिसलं की निदान झालं. एक सूचना: फाइलींची आणि आज्ञांची नावं मी इथे देवनागरीत लिहितोय, संगणकावर ती इंग्रजीतच टंकायची.

ही एन भानगड आली कुठून, ते थोडं सांगतो, कारण आपल्याकडे ती कोणी मागून घेत नाही, चुकून पडते. मार्च २००४ मध्ये युरोपियन आयोगाने मायक्रोसॉफ्टविरुद्ध निर्णय दिला. विंडोजबरोबर स्वतःचा मीडिया प्लेअर गळ्यात बांधून कंपनी स्पर्धकांचा बाजार खाते, असं त्यात म्हटलं होतं. सुमारे ४९.७ कोटी युरोचा दंड झाला, आणि युरोपात प्लेअर नसलेली विंडोज उपलब्ध करून द्या असा आदेशही. कंपनीने आधी तिला ‘रिड्यूस्ड मीडिया एडिशन’ असं नाव सुचवलं. म्हणजे ग्राहकाने नाव वाचूनच पाठ फिरवावी! आयोगाने ते नाकारलं आणि शेवटी नुसतं ‘एन’ उरलं. २००५ मध्ये एक्सपीची एन आवृत्ती बाजारात आली, तीही पूर्ण विंडोजच्याच किमतीला. फारशी कोणी घेतली नाही. पण आदेश पाळायचा म्हणून व्हिस्टापासून ११ पर्यंत प्रत्येक पिढीत एन निघतच राहिली.

गंमत अशी की २००४ मध्ये प्लेअर म्हणजे एक वेगळा, काढून टाकता येण्याजोगा प्रोग्राम वाटत होता. व्हिस्टापासून मायक्रोसॉफ्टने ध्वनी-चित्राचं सगळं यंत्र नव्याने बांधलं, त्याचं नाव मीडिया फाउंडेशन. एमएफ हे त्याचंच लघुरूप. एमएफप्लॅट हा त्याचा पाया, एमएफ.डीएलएल त्यावरची मांडणी, एमएफरीडराइट म्हणजे फाइलमधून चित्र काढणं आणि परत फाइलमध्ये लिहिणं. आता हे यंत्र फक्त प्लेअर वापरत नाही. कॅमेरा अ‍ॅप वापरतं, आवाज रेकॉर्ड करणारं अ‍ॅप वापरतं, गेममधले मधले व्हिडिओ दाखवायला कित्येक गेम वापरतात, एडिटिंगचे प्रोग्राम वापरतात. एन आवृत्तीत प्लेअरबरोबर हे सगळं यंत्रच बाहेर जातं.

आपल्याकडे ती पडते दोन मार्गांनी. मायक्रोसॉफ्टच्या साइटवरून उतरवलेल्या एकाच आयएसओत, म्हणजे इन्स्टॉलच्या फाइलीत, अनेक आवृत्त्या असतात. इन्स्टॉल करताना यादी येते: होम, होम एन, होम सिंगल लँग्वेज, एज्युकेशन, एज्युकेशन एन, प्रो, प्रो एन. दुकानात एकावेळी चार मशीनं लावलेली असतात, पोरगा घाईत एक ओळ खाली क्लिक करतो, आणि झालं. दुसरा मार्ग स्वस्तात मिळणाऱ्या ऑनलाइन चाव्यांचा (विंडोजच्या परवान्याचे क्रमांक, प्रॉडक्ट की). त्यातली एखादी एनची निघते, आणि एनची चावी साध्या आवृत्तीला लागत नाही, म्हणून इन्स्टॉल करणारा मुकाट एन टाकतो. वरवर काही कळत नाही. ब्राउझर चालतो, वर्ड चालतं, टॅली चालतं. माझ्याकडे असा पीसी येतो तो बहुतेक वेळा लग्नाचं शूटिंग करणाऱ्या स्टुडिओतून किंवा गेम खेळणाऱ्या मुलांकडून.

आता दुरुस्ती. इथे क्रम महत्त्वाचा आहे.

आधी तुमची फाइल शोधून काढा. दोन ठिकाणी बघायचं: एक सिस्टिम३२, दुसरं त्या एडिटिंग प्रोग्रामचा स्वतःचा फोल्डर. बरेच यूट्यूबवाले ‘दोन्हीकडे पेस्ट करा’ सांगतात, आणि दुसरी जागा लोक विसरतात. घोळ नेमका तिथेच होतो. प्रोग्रामला डीएलएल हवी असते तेव्हा विंडोज सर्वसाधारणपणे आधी त्या प्रोग्रामच्याच फोल्डरमध्ये डोकावतं, तिथे नसली तर सिस्टिम३२ कडे जातं. काही मोजक्या गाभ्याच्या फाइलींना यातून सूट आहे, पण एमएफप्लॅट त्यांत येत नाही. म्हणजे उद्या तुम्ही फीचर पॅक व्यवस्थित टाकलात, सिस्टिम३२ मध्ये अस्सल फाइल आली, तरी प्रोग्राम आपल्या शेजारी पडलेली जुनी फाइलच उचलणार आणि तोच आकडा पुन्हा दाखवणार. मग तुम्ही म्हणणार, पॅकचाही उपयोग झाला नाही.

सिस्टिम३२ मधली फाइल आपण टाकलेली की विंडोजची, हे ओळखायची एक खूण आहे. फाइलवर उजवी क्लिक, प्रॉपर्टीज, सिक्युरिटी, अ‍ॅडव्हान्स्ड. वर ‘ओनर’ अशी ओळ दिसते. विंडोजने स्वतः ठेवलेल्या फाइलीचा मालक ‘ट्रस्टेडइन्स्टॉलर’ असतो. तिथे ‘अ‍ॅडमिनिस्ट्रेटर्स’ किंवा तुमचं स्वतःचं नाव दिसलं, तर ती हाताने पेस्ट केलेली आहे, बिनधास्त काढा. ट्रस्टेडइन्स्टॉलर दिसलं तर हात लावू नका, आणि मालकी बदलून काढायचा खटाटोप तर नकोच. बरेच जण ‘डिजिटल सिग्नेचर्स’ची टॅब आहे का ते बघून अस्सल-नक्कल ठरवतात. प्रोग्रामच्या फाइलींना ती कसोटी बरी आहे, पण विंडोजच्या कित्येक अस्सल फाइलींची सही फाइलीत नसून वेगळ्या कॅटलॉगमध्ये असते, त्यामुळे ती टॅब दिसत नाही. टॅब नाही एवढ्यावरून फाइल बनावट ठरवू नका.

फाइल काढली की सेटिंग्जमध्ये अ‍ॅप्स, तिथे ऑप्शनल फीचर्स. विंडोज ११ च्या अलीकडच्या आवृत्त्यांत हा पर्याय सिस्टिमखाली सरकवला आहे, न सापडल्यास सेटिंग्जच्या शोधपेटीत नाव टाका. तिथे ‘व्ह्यू फीचर्स’ दाबून यादीत ‘मीडिया फीचर पॅक’ शोधा, टिक करा, इन्स्टॉल करा. इंटरनेट लागतं. मग रीस्टार्ट. शट डाउन करून परत चालू केलं तर चालेल ना, असं नेहमी विचारतात. नको. फास्ट स्टार्टअप चालू असेल तर शट डाउनमध्ये विंडोज पूर्ण बंद होत नाही, गाभा तसाच झोपवला जातो. रीस्टार्टच करा.

हा मार्ग विंडोज १० च्या १९०९ या आवृत्तीपासून आहे. त्याआधी प्रत्येक आवृत्तीचा पॅक वेगळा उतरवावा लागायचा आणि चुकीचा निवडला की ‘हे अपडेट तुमच्या संगणकाला लागू नाही’ एवढंच उत्तर यायचं. जुन्या व्हिडिओंमध्ये तीच पद्धत दाखवलेली असते, तिकडे वेळ घालवू नका. ऑफिसच्या किंवा कॉलेजच्या मशीनवर, जिथे अपडेट्स स्वतःच्या सर्व्हरवरून येतात, तिथे पॅक टाकताना ०एक्स८००एफ०९५४ असा आकडा येतो. तो सर्व्हर हे ऑप्शनल फीचर देत नाही एवढाच त्याचा अर्थ. तुमच्या सिस्टिम अ‍ॅडमिनला सांगा, ऑप्शनल घटक थेट मायक्रोसॉफ्टकडून घ्यायची मुभा ग्रुप पॉलिसीत देता येते.

आता मूळ मुद्दा. एक फाइल नाही म्हणतोय ना, मग एक फाइल आणून टाकली तर बिघडलं कुठे? प्रश्न रास्त आहे, आणि ‘व्हायरस येईल’ एवढंच उत्तर देऊन वाटेला लावणं मला पटत नाही. समजा त्या साइटवरची फाइल अगदी अस्सल, मायक्रोसॉफ्टचीच आहे. तरी ती चालणार नाही.

पहिली अडचण तुम्ही अनुभवलीच, ती ७बी वाली चौकट. प्रोग्राम आणि डीएलएल दोन बांधणीत येतात, जुनी ३२ बिट आणि आताची ६४ बिट. ६४ बिट विंडोजमध्ये सिस्टिम३२ या फोल्डरात ६४ बिट फाइली असतात आणि ३२ बिटच्या फाइली सिसवाव६४ मध्ये. नावं बघून कोणीही उलटंच समजेल. जुन्या प्रोग्रामांमध्ये सिस्टिम३२ हे नाव पक्कं लिहिलेलं होतं, ते मोडू नयेत म्हणून असं ठेवलंय. तुम्ही बहुतेक ३२ बिटची फाइल उतरवून सिस्टिम३२ मध्ये टाकलीत. ६४ बिट प्रोग्रामने ती उघडली, आतली बांधणीच वेगळी, म्हणून हा आकडा. त्यामुळे ‘आधी निदान वेगळी एरर होती, आता ही नवीन आली’ म्हणून घाबरू नका. नवीन काही बिघडलेलं नाही.

समजा योग्य बिटची आणलीत. मग साखळी सुरू होते. एमएफप्लॅट एकटी चालत नाही, तिला आरटीवर्कक्यू.डीएलएल लागते. ती आणली की प्रोग्राम एमएफरीडराइट मागतो, ती आणली की आणखी कोणी. एकेका चौकटीमागे धावत फाइली गोळा करत जायचं, आणि प्रत्येक फाइल वेगवेगळ्या साइटवरून, वेगवेगळ्या पिढीची. त्यातून पुढचा प्रकार होतो: फाइल सापडते, पण तिच्यात हवं ते काम नसतं. उदाहरणार्थ, ग्राफिक्स कार्डाकडून व्हिडिओ उलगडून घेण्यासाठी प्रोग्राम एमएफप्लॅटकडे ‘एमएफक्रिएटडीएक्सजीआयडिव्हाइसमॅनेजर’ नावाचं फंक्शन मागतो. हे विंडोज ८ पासून आलं. तुम्ही आणलेली फाइल विंडोज ७ ची असली तर चौकट येईल, ‘प्रोसीजर एंट्री पॉइंट सापडला नाही’. नाव तेच, फाइल मायक्रोसॉफ्टचीच, पण कित्येक वर्षं जुनी. अशा साइटवर एका नावाखाली पाच-सहा आवृत्त्या ठेवलेल्या असतात, आपण बापडे सगळ्यात वरची उचलतो.

आणि समजा हेही जमलं, सगळ्या फाइली योग्य बिटच्या, योग्य पिढीच्या जमा केल्या. तरी एच.२६४ (व्हिडिओ साठवायचा सर्वांत रुळलेला प्रकार) चा व्हिडिओ उघडणार नाही. कारण व्हिडिओ उलगडण्याचं काम करणाऱ्या फाइली वेगळ्या असतात, एच.२६४ साठी एमएसएमपेग२व्हीडेक.डीएलएल, आणि मीडिया फाउंडेशन त्यांना फोल्डरमध्ये शोधत नाही. या प्रकारचा व्हिडिओ आला तर कोणाला बोलवायचं, याची नोंद रजिस्ट्रीत, म्हणजे विंडोजच्या नोंदवहीत असते, तिथे बघून ते बोलावतं. शेतात जाऊन उभं राहिलं म्हणून सातबाऱ्यावर नाव चढत नाही. फीचर पॅक फाइलीही ठेवतो आणि नोंदीही करतो, म्हणून त्याने काम होतं.

रेगएसव्हीआर३२ नोंदीसाठीच असतं ना, मग? असतं, पण ज्या फाइलीत स्वतःची नोंद करायचं काम लिहून ठेवलेलं असतं तिच्यासाठीच. आज्ञा दिल्यावर ते त्या फाइलीला एवढंच म्हणतं, तुझी नोंद तू कर. ज्या फाइलीत तो भागच नाही, तिथे ‘डीएलएलरजिस्टरसर्व्हर सापडलं नाही’ असा निरोप येतो. हरवलेल्या प्रत्येक डीएलएलला ही आज्ञा द्यायची हा यूट्यूबवरचा रिवाज झालाय, त्याला अर्थ नाही.

म्हणून मी माझ्याकडच्या मुलांना सांगतो, चौकटीत फाइलीचं नाव दिसलं की ती कुठे मिळेल ते शोधू नका, ती कोणाची आहे ते बघा. मालक तीनच असतात: विंडोज, मायक्रोसॉफ्टचे वेगळे मिळणारे रनटाइम संच (प्रोग्राम चालायला लागणाऱ्या फाइलींचे), किंवा तो प्रोग्राम स्वतः. मालक कळला की पूर्ण संच त्याच्याकडून घ्यायचा, सुटी फाइल कधीच नाही.

विंडोजची असेल आणि तुमची आवृत्ती एन नसेल, तर गोष्ट वेगळी. ऑप्शनल फीचर्सच्या यादीत तेव्हा मीडिया फीचर पॅक दिसतच नाही. मग अ‍ॅडमिनिस्ट्रेटर म्हणून कमांड प्रॉम्प्ट उघडा, आधी डिझम या विंडोजच्या दुरुस्ती-साधनाची रिस्टोअरहेल्थ आज्ञा, ती पूर्ण झाली की एसएफसी स्कॅननाऊ. लोक उलट करतात. एसएफसी दुरुस्तीसाठी सुटे भाग विंडोजच्या अंतर्गत कोठारातून, म्हणजे विनएसएक्सएस फोल्डरमधून घेतं. कोठारच खराब असेल तर एसएफसीचा उपयोग नाही, म्हणून आधी डिझमने कोठार नीट करायचं. ‘टर्न विंडोज फीचर्स ऑन ऑर ऑफ’ मध्ये मीडिया फीचर्सची टिक कोणी काढलीय का, तेही जाता जाता बघून घ्या.

डिझमने ०एक्स८००एफ०८१एफ असा आकडा देऊन हात वर केले, आणि विंडोज कोणीतरी दिलेली ‘लाइट’ किंवा ‘गेमिंग एडिशन’ छापाची असेल, तर मात्र तुमचा दुकानदार बरोबर आहे. अशा कापलेल्या विंडोजमध्ये जागा वाचवायला कोठारातूनच भाग काढून टाकलेले असतात. तिथे दुरुस्त करायला मूळ मालच उरलेला नसतो. स्वच्छ आयएसओ घ्या, परत टाका. यावर दुसरा उपाय मला तरी माहीत नाही. एखाद्याने पीसीवर विंडोज सर्व्हर टाकलेलं असतं, कॉलेजच्या लॅबमध्ये असं दिसतं. तिथे सर्व्हर मॅनेजरमधून मीडिया फाउंडेशन हे फीचर चालू करायचं, बस्स.

रनटाइमच्या फाइली नावावरून ओळखू येतात. डी३डीएक्स९_४३, एक्सऑडिओ२_७, एक्सइनपुट१_३ या जुन्या डायरेक्टएक्सच्या, जुन्या गेमना लागतात. त्यांच्यासाठी मायक्रोसॉफ्टचा जून २०१० चा डायरेक्टएक्स एंड-यूजर रनटाइम टाकायचा. विंडोज ११ मध्ये डायरेक्टएक्स १२ असलं तरी या फाइली त्यात येत नाहीत, ‘माझ्याकडे तर नवीन आहे’ हे इथे लागू पडत नाही. एमएसव्हीसीपी१४० किंवा व्हीसीरनटाइम१४० आली तर व्हिज्युअल सी++ रीडिस्ट्रिब्युटेबल, आणि ६४ बिट विंडोजवर एक्स८६ व एक्स६४ दोन्ही टाका, कारण तुमच्याकडे दोन्ही जातीचे प्रोग्राम असतात.

तिसरा मालक म्हणजे प्रोग्राम स्वतः, आणि मीडियाच्या बाबतीत इथे एफएफएमपेग येतं, म्हणजे व्हिडिओ-आवाज हाताळणारा फुकट संच, जो कित्येक प्रोग्राम आपल्यात घेतात. एव्हीकोडेक-५८, एव्हीफॉरमॅट-६० असली नावं दिसली की ती एफएफएमपेगची. मागचा आकडा शोभेचा नाही. ५८ म्हणजे एफएफएमपेग ४, ५९ म्हणजे ५, ६० म्हणजे ६, ६१ म्हणजे ७. आकडा वाढतो तो आतली बांधणी जुन्याशी जुळेनाशी होते तेव्हाच. प्रोग्राम ५८ मागतोय आणि आपल्याकडे ६१ आहे, म्हणून फाइलीचं नाव बदलून ५८ करणारे मी पाहिलेत. प्रोग्राम उघडतो, पहिली क्लिप टाकली की आपटतो. त्यापेक्षा प्रोग्राम काढून परत टाका, तो स्वतःचा संच बरोबर आणतो. ऑडेसिटीसारख्या आवाज एडिट करणाऱ्या प्रोग्रामला एफएफएमपेग वेगळं द्यावं लागतं, तर त्यांच्या मदतीच्या पानावर कोणती आवृत्ती चालते ते दिलेलं असतं, तीच घ्या.

आता कोडेक पॅक. याबद्दल आपल्याकडे फार श्रद्धा आहे, एक्सपीच्या काळापासूनची. तेव्हा ती योग्यही होती. तेव्हाचे प्लेअर डायरेक्टशो नावाच्या जुन्या यंत्रावर चालायचे, आणि के-लाइटसारखा पॅक त्या यंत्रात नवीन फिल्टर बसवायचा. तो पॅक आजही चांगला आहे, पण बसवतो मुख्यतः डायरेक्टशोचेच फिल्टर. तुमचा प्रोग्राम मीडिया फाउंडेशन मागतोय. ही दोन वेगळी यंत्रं आहेत, एकात बसवलेला भाग दुसऱ्यात चालत नाही. व्हीएलसी या दोघांच्याही भानगडीत पडत नाही, आपले कोडेक आपल्या फोल्डरात घेऊन फिरतं. म्हणून ‘व्हीएलसीत चालतंय म्हणजे कोडेक आहे, मग एडिटरमध्ये का नाही’ हा तर्क लागू होत नाही.

एक शक्यता आधीच सांगून ठेवतो. फीचर पॅक टाकल्यावर प्रोग्राम उघडेल, बरेच व्हिडिओ चालतील, आणि आयफोनवरून आलेल्या क्लिपमध्ये कदाचित आवाज येईल पण चित्र काळं दिसेल. हा वेगळा प्रश्न आहे. २०१७ च्या आयओएस ११ पासून नवे आयफोन एचईव्हीसीत, म्हणजे एच.२६४ च्या पुढच्या पिढीच्या कोडेकमध्ये रेकॉर्ड करतात, आता कित्येक अँड्रॉइड फोनही करतात. तो कोडेक फीचर पॅकमध्ये मिळेलच असं धरू नका. मायक्रोसॉफ्ट स्टोअरमध्ये ‘एचईव्हीसी व्हिडिओ एक्स्टेंशन्स’ म्हणून तो किरकोळ पैशांत मिळतो. काही लॅपटॉपवर तो कंपनीने आधीच टाकलेला असतो. पैसे का, तर या कोडेकवर पेटंटचं मानधन द्यावं लागतं. फोनच्या कॅमेऱ्यात ‘मोस्ट कम्पॅटिबल’ निवडलं तर पुढचं शूटिंग एच.२६४ मध्ये होईल, पण आधीच्या क्लिपांना त्याचा उपयोग नाही.

व्हायरसचं शेवटी ठेवलं, कारण ती भीती अनेकदा मोघम सांगितली जाते. नेमकं काय होतं ते सांगतो. डीएलएल म्हणजे नुसती माहिती नाही, चालणारा प्रोग्रामच आहे. जो प्रोग्राम तिला उचलतो, त्याच्या सगळ्या परवानग्या तिला आपोआप मिळतात. प्रोग्राम आधी स्वतःच्या फोल्डरात बघतो हे वर आलंच. अस्सल, सही असलेला प्रोग्राम घ्यायचा, त्याच्या शेजारी बनावट डीएलएल ठेवायची, आणि प्रोग्राम चालवायचा. विंडोजला दिसतो तो विश्वासू प्रोग्राम, काम करतो शेजारचा. एप्रिल २०२२ मध्ये सिमँटेक या सायबरसुरक्षा कंपनीच्या संशोधकांनी एका हेरगिरी करणाऱ्या टोळीबद्दल अहवाल दिला, तिने नेमकं हेच व्हीएलसीच्या अस्सल प्रोग्रामबरोबर केलं होतं. व्हीएलसीत दोष नव्हता, शेजारी ठेवलेल्या फाइलीत होता. त्याच वर्षी भारतात व्हीएलसीचं अधिकृत संकेतस्थळ कित्येक महिने उघडत नव्हतं, नोव्हेंबरमध्ये ते पुन्हा सुरू झालं. त्या काळात लोकांनी कुठून कुठून व्हीएलसी उतरवलं असेल ते उतरवलं. तुमच्याकडे तेव्हाची सेटअप फाइल पेनड्राइव्हवर पडून असेल तर ती फेकून द्या आणि नवीन घ्या.

तुम्ही उतरवलेल्या फाइलीबरोबर एखादा ‘डीएलएल फिक्सर’ही बसला असण्याची शक्यता बरीच आहे, या साइट तो पुढे सरकवतातच. इन्स्टॉल्ड अ‍ॅप्सची यादी तारखेनुसार लावा आणि त्या दिवशीचं अनोळखी काही असेल तर काढा. मग डिफेंडरचा, म्हणजे विंडोजच्या स्वतःच्या अँटिव्हायरसचा ऑफलाइन स्कॅन एकदा चालवा. तो रीस्टार्ट करून विंडोज सुरू व्हायच्या आधी तपासतो, साधारण पाव तास जातो.

दुकानदाराच्या ५०० रुपयांबद्दल. पीसी त्यानेच जुळवून दिलाय आणि एन त्याच्याच हातून पडलीय, तर हे पैसे त्याने मागायला नकोत. पण भांडायच्या आधी चावी कोणती दिलीय ते विचारा. चावी साध्या होम किंवा प्रोची असेल, तर त्याच्याकडून साधी आवृत्ती फुकट परत टाकून घ्यायला हरकत नाही, तुमचा डेटा आधी बाहेर काढून ठेवा, कारण एनवरून साध्यावर सगळं जसंच्या तसं ठेवून जाता येत नाही. चावी एनची असेल तर फीचर पॅक टाकून तेच वापरा. पॅक टाकल्यावर एडिटिंगच्या कामात दोन्हींत मला तरी फरक जाणवलेला नाही. फक्त विंडोजचं मोठं वार्षिक अपडेट झालं आणि प्रोग्राम पुन्हा अडला, तर आधी ऑप्शनल फीचर्समध्ये जाऊन पॅक जागेवर आहे का ते बघा.

एवढं करूनही अडलंच, तर इथे तीन गोष्टी लिहा: विनव्हरमधली पूर्ण ओळ, चौकटीतला मजकूर जसाच्या तसा, आणि एडिटिंगच्या प्रोग्रामचं नाव व आवृत्ती. फोनने काढलेला स्क्रीनचा फोटोही चालेल, फक्त आकडे वाचता आले पाहिजेत.